खुणेचा मुटका

"तिच्या तोंडाकडं बघू नको, हाताकडं बघ," आत्याबाई म्हणाल्या. "तोंड गोडच हाय तिचं. काय करायचं ते हात करत्यात."

आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई. सोप्यात खांबाला टेकून बसल्या होत्या. उजव्या हाताच्या बोटाला नखुरडं झालेलं आणि त्यावर लिंबू खोचलेलं. रात्रभर बोट ठणकलं होतं, पण हुकूम सोडायला काही बोट लागत नाही.

"मला आज चुलीम्होरं बसवत न्हाई, म्हणून तुला सांगतीया, पुतळा. तिनं काय घातलं, काय काढलं, समदं ध्यानात ठेव. डोळ्यांत तेल घालून बस. माझ्यासाठी न्हवं, तुझ्याच पोटासाठी."

मी पोटावरचा पदर सारखा केला. बघणाऱ्याला अजून काही कळण्यासारखं नव्हतं, पण मला पाचवा लागला होता. पहिल्या खेपेला तिसऱ्यात गेलं, दुसऱ्या खेपेला पाचव्यात. त्या वेळचा तो वास, ती गोणपाटाची घडी आणि कुणाशी न बोलता परड्यात खड्डा खणणारे मामंजी, हे सगळं पाचवा लागल्यापासून रोज माझ्या डोळ्यांपुढं येत होतं. झोपेतही मी पोटावर हात ठेवून निजायची, जणू हात काढला की ते निघून जाईल.

आणि ते कुणामुळं गेलं, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. द्वारकाकाकीमुळं.

काकी म्हणजे मामंजींच्या धाकट्या भावाची बायको. ऐन तारुण्यात विधवा झालेली, मूलबाळ नाही. परड्याकडच्या खोलीत राहायची, तिथंच तिची वेगळी चूल. कामाला मात्र आमच्या घरात. दुसऱ्या खेपेला तिनं मला वाटीभर खीर आणून दिली, मी हौसेनं खाल्ली आणि चौथ्या दिवशी माझ्या कळा सुरू झाल्या. आत्याबाईंनी तेव्हाच कपाळावर हात मारला होता. "तिची कूस रिकामी. तिला दुसरीची भरलेली कशी बघवंल?" तेव्हापासून काकीच्या हातचं काही खायचं नाही, असा नियमच झाला. गेल्या महिन्याभरात ती कधी गुळाचा खडा आणि शेंगदाणे पदराआडून हातावर ठेवायची. मी "बरं" म्हणायची आणि ती वळली की म्हशीच्या गव्हाणीत टाकून द्यायची. म्हशीला काही झालं नाही, पण म्हशीवर कुणी करणी करत नाही, असं मी मनाला समजवायची.

मग आज तिला चुलीपुढं का बसवलं? तर आखाडातला शेवटचा रविवार होता. पुढं श्रावण, म्हणजे महिनाभर कोंबड्याचं नाव नाही. आणि आमच्या घरी आखाड म्हणजे कोंबड्याच्या रश्श्यात शिजवलेले पिठाचे मुटके. ते काकीनं तिच्या माहेराहून, पार घाटाखालून आणलेले. तिच्याशिवाय ते कुणाला जमत नसत. मामंजी एरवी भावजयीशी वर्षात चार शब्द बोलत नसत, पण आखाड लागला की अंगणातूनच ओरडायचे, "मुटकं हायेत न्हवं?" दर वर्षी आत्याबाई काकीला खेटून बसायच्या आणि तिच्या प्रत्येक चिमटीवर नजर ठेवायच्या. यंदा ती कामगिरी माझ्याकडं आली होती.

मी चुलीपाशी गेले तेव्हा काकीनं कोंबडा जाळावर फिरवून पिसांची लव जाळली होती आणि विळीवर तुकडे करायला घेतले होते. मी पाठ भिंतीला लावून, हात पोहोचणार नाही इतक्या लांब बसले.

"एवढी लांब का गं?" ती म्हणाली. "धूर लागतोया?"

"न्हाई."

"मग जवळ ये. बघून ठेव. माझ्यामागं कोण करंल हे?"

माझ्यामागं म्हणजे काय, ह्याचा विचार करत मी बोटभर पुढं सरकले.

तिनं तुकड्यांना हळद-मीठ चोळलं, लसूण ठेचून घातला आणि पातेल्यात पाणी ओतून आळणी, म्हणजे बिनतिखटाचा रस्सा, शिजायला ठेवली. कलेजी आणि पथरी बाजूला, वाटीत काढली. ती वाटी बघून मला आमच्या घरचा कायदा आठवला. कलेजी बायकांना मिळत नसे. निखाऱ्यावर भाजून, मीठ लावून ती आधी मामंजींच्या ताटात जायची, मग ह्यांच्या. बाईनं कलेजी खाल्ली की ती नवऱ्याला भीत नाही, असं आत्याबाई सांगायच्या. त्या स्वतः मामंजींना कधी भ्यायल्याचं मी बघितलं नव्हतं, तेव्हा त्यांनी ती लहानपणीच कुठं तरी खाऊन घेतली असावी.

काकीनं खोबरं चुलीत भाजलं, कांदा भाजला, तीळ परतले, पाट्यावर वाटण रगडलं. मधे एकदा धुरानं डोळे चुरचुरले तेव्हा पदरानं पुसले तेवढंच, एरवी मी हाताकडं बघत होते. काळपट, बारीक, शिरा वर आलेले हात. त्यात मला काही वावगं दिसेना, आणि ते दिसत नव्हतं म्हणूनच माझ्या छातीत जास्त धडधडत होतं.

"नर्सबाईनं दिलेल्या गोळ्या घेतीस का?" तिनं एकाएकी विचारलं.

मी दचकले. महिन्यापूर्वी आरोग्य केंद्रात नर्सबाईंनी माझी खालची पापणी ओढून बघितली होती आणि मोठ्यानं म्हणाल्या होत्या, "अगं, रक्त आहे का तुझ्या अंगात? कागद बरा!" काकी त्या दिवशी डोळ्यांचं औषध न्यायला त्याच बाकावर बसली होती. नर्सबाईंनी दिलेल्या लाल गोळ्या आत्याबाईंनी घरी आल्या आल्या चुलीत टाकल्या. म्हणाल्या, त्यानं पोर काळं निपजतं. मी ह्यांना सांगितलं, तर हे म्हणाले, "आई म्हणती तसं कर. तिनं चार काढल्यात."

"घेते की," मी काकीला सांगितलं.

काकीनं माझ्याकडं बघितलं आणि चुलीत लाकूड सारलं. तिला माझ्या गोळ्यांची चौकशी कशाला, हे माझ्या डोक्यात फिरत राहिलं.

आळणीला उकळी फुटली. तिनं परातीत तांदळाचं पीठ आणि मूठभर ज्वारीचं पीठ घेतलं, आणि पाण्याऐवजी त्यावर ती कढत आळणीच ओतली. चटके बसत असतील, पण ती मळत राहिली. मग मळलेल्या पिठातून लिंबाएवढा गोळा तोडला, मुठीत धरला आणि एकदाच दाबला. मूठ उघडली तर गोळ्यावर चारी बोटांच्या चऱ्या उमटलेल्या.

"ह्या चऱ्यांत रस्सा बसतो," ती म्हणाली. "दोनदा दाबायचं न्हाई. आणि रश्श्यात सोडल्यावर ते आपणहून वर येईस्तोवर पळी लावायची न्हाई. पळी लावली की फुटत्यात."

परातीच्या कडेनं मुटके बसत गेले. मग ती थांबली, डबे हुडकल्यासारखं केलं आणि म्हणाली, "कोथमीर न्हाई गं आणली. परड्यातनं जरा उपटून आण जा."

उठायचं नव्हतं. आत्याबाईंनी त्याचसाठी बसवलं होतं. पण 'मी तुमच्यावर पहारा करतेय, मला उठता येत नाही' असं तोंडावर कसं सांगणार? मी उठले. परड्यात झिमझिम पाऊस होता. हाताला येईल ती कोथिंबीर उपटली, मुळांसकट, आणि धावतच मागच्या दारापाशी आले. दार लोटलेलं होतं. फळ्यांच्या फटीतून आतलं दिसत होतं.

काकी चुलीवर वाकली होती. तिनं चिमट्यानं राखेतून हळदीच्या पानाची एक पुरचुंडी ओढली. सोप्याच्या दाराकडं बघितलं. पुरचुंडी सोडली. आत काही तरी काळपट, ओलसर होतं. ते तिनं बोटांनी बारीक कुस्करलं, पिठाचा गोळा घेऊन त्याची वाटी केली, ते काळं त्यात भरलं, वाटीचं तोंड मिटलं. तिचे ओठ हलत होते. आवाज नव्हता, नुसते ओठ. मग तिनं तो मुटका मुठीत दाबला आणि त्याच्या मधोमध अंगठा रुतवून खड्डा पाडला. खूण केली.

कोथिंबिरीची माती माझ्या पायांवर पडत होती आणि मी तशीच उभी. एका हाकेचं काम होतं. सोप्यात आत्याबाई होत्या, अंगणात मामंजी आणि हे बसले होते. हे मागंच म्हणाले होते, "त्या बाईनं काय केलंय असं नुसतं कळू दे, तिला जिती ठेवणार न्हाई." आणि हे बोलतात ते करतात. खालच्या वाडीतल्या एका म्हातारीला त्याच उन्हाळ्यात करणीच्या संशयावरून धरलं होतं, केस कापले, भर वाडीतून मारत नेलं. मी ते लांबून बघितलं होतं. हाक मारली तर हिचं तसंच होणार. नाही मारली तर माझं पोर जाणार. घशातून आवाज फुटेना. कधी कधी माणूस शहाणपणानं गप्प बसतं, पण मी तशी गप्प बसले नव्हते. मी फक्त घाबरले होते.

दार ढकलून आत गेले. काकी एवढी दचकली की तिच्या हातातला चिमटा खाली पडला. पुरचुंडीचं पान तिनं पायानं चुलीत सारलं.

"मिळाली व्हय?" ती म्हणाली.

"मिळाली."

रस्सा आता लालबुंद होऊन रटरटत होता. ती एकेक मुटका सोडत गेली. खुणेचा मुटका सगळ्यांत शेवटी. तो तळाला गेला. मी पातेल्याकडं टक लावून बसले आणि मनात म्हणत होते, फूट. फुटून जा. विरघळ. एकेक करून सगळे वर आले, आणि मग तोही आला, खड्डा वर करून, अख्खा.

पहिली पंगत पुरुषांची. मामंजी आणि हे. मी पदर डोळ्यांपर्यंत ओढून पाणी वाढत होते. काकी चुलीपाशी बसून वाटून देत होती. ह्यांच्या ताटात कुठला मुटका गेला, मामंजींच्या ताटात कुठला, मी प्रत्येक वेळी बघत होते. खुणेचा कुणालाच गेला नाही. तो तिनं पातेल्याच्या कडेला पळीनं अडवून ठेवला होता. म्हणजे ज्याच्यासाठी केला, त्याच्यासाठीच होता.

मामंजींनी दोन घास घेतले आणि ताटात काही तरी शोधू लागले.

"कलेजी कुठाय?"

काकीची पळी पातेल्यातच थांबली.

"द्वारका, कलेजी?"

"मांजरानं न्हेली, भावजी," काकी खाली मान घालून म्हणाली. "वाटी तिथं ठिवली आणि मी वाटणाकडं वळले. तेवढ्यात…"

"आन् ही बसली व्हती न्हवं तिथं?" मामंजींनी माझ्याकडं बघितलं. सासऱ्यानं सुनेकडं असं सरळ बघायची आमच्यात पद्धत नव्हती. मी तांब्या घेऊन आत पळाले.

पडद्याआड आत्याबाईंनी माझा दंड धरला. डाव्या हातानं, पण काय ती पकड.

"मांजर?" त्या कानाशी म्हणाल्या. "कुठलं मांजर? सकाळधरनं मांजर माझ्या मांडीपाशी निजलंय. कोंबड्याची कलेजी कशाला लागती, ठावं हाय न्हवं तुला? करणीला लागती. तू काय बघितलंस?"

आता सांगायचं. आत्ता.

"मी कोथमिरीला गेले व्हते."

"गेलीस? मी सांगून बी गेलीस?" त्यांचा चेहरा पांढरा पडला. तेव्हा मला कळलं, आत्याबाईही नुसत्या खाष्टपणानं बोलत नव्हत्या. त्याही भ्यायल्या होत्या, माझ्याइतक्याच. त्यांनाही ते नातवंड हवं होतं. "आता ताटावर बसलीस की माझ्याकडं बघून खा. माझ्याकडं बघितल्याबिगर घास घ्यायचा न्हाई."

पुरुष उठले, हात धुऊन अंगणात गेले. आमची पंगत बसली. म्हणजे आत्याबाई आणि मी. काकी सगळ्यांत शेवटी जेवायची. जेवत नाही म्हणावं, तर आखाडाचं ताट नाकारायचं कारण सांगावं लागलं असतं, आणि कारण सांगितलं की पुढचं सगळं आलंच. ओकारीचं निमित्त करावं का? मुटका पदरात टाकावा का? आत्याबाई समोर लिंबू खोचलेलं बोट वर धरून माझ्या हाताकडं बघत होत्या.

काकी पातेलं घेऊन आली. आत्याबाईंना वाढलं. मग माझ्यापुढं वाकली. पळीतून आधी रस्सा, एक तंगडी, दोन मुटके, आणि मग तो. खड्डा वर, खड्ड्यात तांबडा रस्सा साचलेला. वाकल्या वाकल्या, ओठ न हलवल्यासारखं करून ती म्हणाली, "मोडू नको. एका घासात घाल."

मोडू नको. म्हणजे मोडला की दिसणार.

"काय कुजबुजतीस गं?" आत्याबाई.

"गरम हाय म्हटलं, आक्का. फुंकून खा म्हटलं."

"त्यो मधला कसला? खड्डा पडलेला?"

"आंगठा लागला असंल."

"आंगठा बरा तिच्याच ताटातल्याला लागला." आत्याबाईंनी घास खाली ठेवला. "पुतळा, फोड त्यो. माझ्याम्होरं धर आणि फोड. बघू दे मला आत काय हाय."

मी मुटका उचलला. बोटं भाजत होती. अंगणातून ह्यांचं हसणं ऐकू येत होतं, मामंजींशी कसल्या तरी बैलाबद्दल बोलत होते. फोडला आणि आतून ते काळं बाहेर आलं, की आत्याबाई ओरडणार. ओरडल्या की हे आत येणार. मग ह्या चुलीपुढं काय होईल, ते मला स्पष्ट दिसत होतं. आणि फोडला नाही, खाल्ला, तर रात्रीपर्यंत कळा सुरू होतील, मामंजी पुन्हा फावडं घेऊन परड्यात जातील. दोन्हीकडून मीच मरत होते.

आत्याबाईंनीच सांगितलं होतं, हाताकडं बघ. मी बघितलं. काकीचा पळी धरलेला हात लटलट कापत होता. पळी पातेल्यावर टकटक वाजत होती आणि तिला ती थांबवता येत नव्हती. मी मान वर केली. मला वाटलं होतं तिचे डोळे माझ्यावर असतील. ते माझ्यावर नव्हते. ते अंगणाकडच्या दाराला लागले होते. म्हातारी माझ्यापेक्षा जास्त भ्यायली होती.

"फोड म्हणते न्हवं!"

मी अंगठ्यानं दाबलं. मुटका माझ्या बाजूनं चिरला. आत्याबाईंच्या बाजूला अजून पिठाची पाठ होती. चिरेतून वाफ आली आणि वाफेबरोबर वास. भाजलेला, खमंग, मिठाचा. माहेरी माझे वडील कोंबडा कापला की चुलीपुढं बसून कलेजी भाजायचे आणि आम्हा पोरींच्या तोंडात एकेक तुकडा घालायचे. लग्न झाल्यापासून तो वास माझ्या नाकाशी कधी आला नव्हता, पण नाक विसरत नाही. चिरेतून दिसणारं ते काळपट कुठल्या मुळीचं नव्हतं, राखेचं नव्हतं, कुठल्या स्मशानातलं नव्हतं. मामंजी ज्याच्यासाठी चिडले होते, तेच होतं. आमच्या कोंबड्याची कलेजी.

मला सगळं कळायला किती वेळ लागला असेल? पापणी लवेपर्यंत. नर्सबाईंचा आवाज, बाकावरची काकी, गुळाचे खडे, शेंगदाणे. "गोळ्या घेतीस का?" सगळं एकाएकी एका जागी आलं.

मी तो अख्खा मुटका तोंडात कोंबला.

तोंड पोळलं. गाल फुगले, डोळ्यांतून पाणी आलं. आत्याबाई पुढं झुकल्या. "थुक! थुक ते! फोड म्हटलं, गिळ न्हाई म्हटलं!" मला बोलता येत नव्हतं. मी चावत होते. पीठ, रस्सा, आणि मध्ये ती मऊ, थोडी कडसर चव. चावलं, गिळलं, पाणी प्यायले.

"काय व्हतं आत?"

"पीठ," मी म्हणाले.

"खोटं बोलू नको."

"आईच्यान्, आत्याबाई. नुसतं पीठ." मग अंगात कुठून शहाणपण आलं कोण जाणे, तोंड वाकडं करून म्हणाले, "मधी पार कच्चं राहिलंय. घशाखाली उतरंना."

आत्याबाईंनी माझा चेहरा निरखला. मग सुटल्याच. "कच्चं? एवढा जन्म गेला मुटकं करण्यात, आन् कच्चं? पोटुशी बाईला कच्चं पीठ घालतीस व्हय गं? पोट दुखलं तिचं म्हंजी?" काकीनं खालमानेनं सगळं ऐकून घेतलं. कुणाला कच्च्या पिठावरून बोलणी खाताना इतकं सुखावलेलं मी आजवर बघितलं नाही.

जेवणं झाली. आत्याबाई बोट धरून सोप्यात आडव्या झाल्या. परड्यात दगडावर काकी पातेलं घासत होती. मी राख घेऊन तिच्याजवळ बसले. ह्या वेळी जवळ.

"सांगितलं का न्हाई मला?" मी विचारलं. "मी मेलेच असते तिथं भिऊन."

"सांगितलं असतं तर खाल्ली असतीस?" तिनं वर बघितलं नाही. "गूळ दिला, त्यो म्हशीनं खाल्ला. बघितलं म्या. आखाडाचं ताट तेवढं तू टाकू शकत न्हवतीस, म्हणून त्यात घातली."

मी हातातली राख दगडावर ठेवली.

"त्यांना कळलं असतं तर, काकी?"

"तर काय, मारलं असतं." तिनं राखेची मूठ पातेल्यात फिरवली. "माझी तीन गेली, पुतळा. तू म्हणशील, हिला पोर झालंच न्हाई. झाली व्हती, पोटातल्या पोटात. तिसऱ्याला तर हात-पाय दिसत व्हतं. समदी म्हणाली, हिची कूस जळकी. नवरा गेला तवा म्हणाली, त्यालाबी हिनंच खाल्ला. तीस वरसं ऐकलं. ऐकून ऐकून मलाबी खरं वाटायला लागलं. वाटायचं, असंल बाबा माझ्यातच काय तरी. त्या खिरीनंतर तू पोटुशी दिसलीस की मी तोंड चुकवायची, माझी सावली पडाया नको म्हणून."

पातेलं केव्हाच लख्ख झालं होतं, तरी ती घासत होती.

"त्या दिशी नर्सबाईनं तुझी पापणी खाली वढली. आतनं पांढरी फेक. ती म्हणाली, रक्त न्हाई म्हणून टिकत न्हाई. मी बाकावर बसल्या बसल्या ऐकलं. मग तिच्या टेबलावर त्यो लहान आरसा व्हता, त्यो घेऊन माझी वढून बघितली. आता म्हातारपणी काय दिसणार? पण मला कळलं. माझ्याबी अंगात न्हवतं, गं. एवढंच व्हतं. मला कुणी खाऊ घातलं न्हवतं, एवढंच."

तिच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. रडले मीच. तिनं राखेनं भरलेला हात माझ्या डोक्यावर ठेवायला उचलला, आणि सवयीनं परत मागं घेतला.

श्रावण सरल्यावर आमच्या घरात कोंबडे कापले गेले. पाहुणे आले, देवीचं झालं, एकदा ह्यांनाच लहर आली. दर वेळी कलेजी मांजरानं नेली. मामंजींनी वैतागून ते मांजर पोत्यात घातलं आणि नदीपलीकडं सोडून आले. त्याच्यानंतरच्या कोंबड्याची कलेजीही मांजरानंच नेली. मामंजी म्हणाले, "ह्या घराला मांजराचा शाप हाय." आत्याबाईंनी आखाडातच माझ्या दंडाला ताईत बांधला होता, आणि पाचवा सरला, सहावा सरला, तसा तो रोज कपाळाला लावू लागल्या.

मार्गशीर्षात मला मुलगी झाली. रडली ती आळीभर ऐकू गेली. आत्याबाईंनी ताईताला नारळ फोडला आणि मला बजावलं, "सव्वा महिना त्या खोलीकडं पोरीला न्ह्यायचं न्हाई. सव्वा महिन्यानंतर बी न्ह्यायचं न्हाई."

सव्वा महिना मी पाळला. पुढचं पाळलं नाही. नाहून झाल्यावर भर दुपारी मुलीला दुपट्यात गुंडाळलं आणि परडं ओलांडून काकीच्या दारात गेले. ती तांदूळ निवडत होती. मुलीला बघून उठली, हात आधी पदराला पुसले आणि मग दोन्ही पाठीमागं लपवले.

"नगं, पुतळा. घेऊन जा. उद्या तिला नुसतं सर्दी-पडसं झालं तरी माझ्यावर येईल. मला भ्या वाटतंय."

"मलाबी वाटतंय," मी म्हणाले, आणि तिला खांद्याला धरून खाली बसवलं, मुलीला तिच्या मांडीवर ठेवलं. काकी ताठ बसली. हात मांडीच्या दोन्ही बाजूंना जमिनीवर टेकवलेले, बाळाला न लागतील असे. मग हळूहळू एक हात वर आला.

तेवढ्यात सोप्यातून आत्याबाईंची हाक आली.

"पुतळा! पोरगी कुणाजवळ हाय गं?"

काकी एकदम उठायला लागली. मी तिचा खांदा दाबून धरला. माझ्या छातीत आखाडातल्या त्या दिवसासारखंच धडधडत होतं. पण या वेळी आवाज फुटला.

"काकीजवळ," मी अंगणापर्यंत ऐकू जाईल असं ओरडून सांगितलं.